न ऐकता झालेला हुकूमनामा

कर्जवसुलीच्या दाव्यात प्रतिवादीच्या नावाचा पुकारा होतो, कोणी उभे राहत नाही, आणि रोजनाम्यात नोंद पडते की समन्स बजावूनही प्रतिवादी गैरहजर, सबब दावा एकतर्फी चालवावा. पुढच्या एकदोन तारखांना वादी शपथपत्रावर आपला पुरावा देतो, त्याच्या कागदांना निशाणी क्रमांक पडतात, उलटतपास घ्यायला कोणी नसते, आणि मागितलेली रक्कम व्याज व खर्चासह देण्याचा हुकूमनामा होतो. दोन्ही बाजू ऐकून झालेल्या हुकूमनाम्याला जे बळ असते तेच सगळे या हुकूमनाम्यालाही असते. त्यावर दरखास्त दाखल करता येते, बँकेतली शिल्लक अडवता येते, पगाराचा काही भाग जप्त करता येतो, जमीन किंवा घर लिलावाला काढता येते. उसने दिलेले पैसे परत मागण्यासाठी दावा लावायची मुदत सर्वसाधारणपणे ३ वर्षांची आहे, हुकूमनाम्याची अंमलबजावणी मात्र १२ वर्षांपर्यंत मागता येते. म्हणजे ज्या देण्याबद्दल न्यायालयात एकदाही दोन बाजू मांडल्या गेल्या नाहीत, ते देणे एका गैरहजेरीने पुढच्या १२ वर्षांसाठी पक्के होते.

असा हुकूमनामा रद्द करून दावा पुन्हा फायलीवर घेण्याची सोय दिवाणी प्रक्रिया संहितेत आहे, आणि तिच्याकडे पाहण्याची एक रूढ दृष्टीही आहे: बेफिकीर कर्जदाराला न्यायालयाने मोठ्या मनाने दिलेली सवलत. ही दृष्टी चुकीची आहे, असे या प्रकरणाचे म्हणणे आहे. एकतर्फी हुकूमनामा रद्द करताना न्यायालय कर्जदारावर मेहेरबानी करत नाही. आपल्याच निकालाला जो पाया लागतो, म्हणजे दोन्ही बाजूंना मिळालेली संधी, तो पाया मुळात होता की नाही हे ते तपासते. एवढे मान्य केले की पुढची वाट सरळ होते. दार उघडताना न्यायालयाने उदार असावे, आणि ज्याची चूक असेल त्याच्यावर अटी घालताना काटेकोर असावे. आज बऱ्याचदा याच्या उलट घडते. दार उघडताना हात आखडतो, आणि उघडलेच तर अटी चुकीच्या माणसावर पडतात.

एकतर्फी हुकूमनाम्याने नेमके काय सिद्ध होते, हे आधी पाहू. वादीचे म्हणणे कोणी खोडून काढले नाही, एवढेच त्यातून दिसते. जमिनीच्या किंवा वारसाहक्काच्या वादात सातबारा, फेरफार, नोंदणीकृत दस्त असे तिऱ्हाइताकडचे कागद तरी न्यायाधीशासमोर असतात. कर्जाच्या दाव्यात बहुतेक कागद धनकोच्याच ताब्यातले असतात. वचनचिठ्ठी त्याच्याकडे, खातेउतारा त्याने काढलेला, व्याजाचा हिशेब त्यानेच मांडलेला. त्या कागदांतून जे दिसत नाही ते सांगणारा एकटा माणूस प्रतिवादी असतो: रोख दिलेले हप्ते जमा धरलेले नाहीत, सही घेतली तेव्हा वचनचिठ्ठीवर रक्कम लिहिलेली नव्हती, आपण कर्जदार नसून जामीनदार आहोत आणि मूळ कर्जदाराने रक्कम फेडली आहे, व्याजावर व्याज चढवले आहे, किंवा कर्ज देणाऱ्याकडे सावकारीचा परवानाच नव्हता. तो गैरहजर असला की यातले काहीही फाइलवर येत नाही. म्हणून कर्जाच्या दाव्यात एकतर्फी निकाल जितका सोपा असतो, तितकाच तो चुकण्याचा धोकाही मोठा असतो.

महाराष्ट्राने हा धोका एकदा फार मोठ्या प्रमाणावर अनुभवला आहे. १२ मे १८७५ रोजी पुणे जिल्ह्यातल्या सुपे गावात शेतकऱ्यांचा उठाव झाला आणि तो पुणे व अहमदनगर जिल्ह्यांतल्या अनेक गावांत पसरला. जमावाचा रोख सावकारांच्या दप्तरावर होता. खते, रोखे, हुकूमनामे हिसकावून जाळणे हा त्या दंगलींचा मुख्य कार्यक्रम होता, आणि जिथे सावकाराने कागद देऊन टाकले तिथे सहसा हाणामारीची वेळ आली नाही. कारण शोधण्यासाठी सरकारने आयोग नेमला. त्याच्यासमोर आलेल्या चित्रात सारावाढ होती, कापसाच्या भावातली घसरण होती, आणि दिवाणी न्यायालयेही होती. १८५९ च्या मुदतीच्या कायद्याने साध्या रोख्यांवरच्या दाव्यांना ३ वर्षांची मर्यादा घातली. रयतेच्या रक्षणासाठी आणलेल्या या तरतुदीचा परिणाम असा झाला की दर तीन वर्षांनी थकलेले व्याज मुद्दलात मिळवून नवा रोखा लिहून घेतला जाऊ लागला. त्या रोख्यावर दावा होई, शेतकरी कोर्टात येत नसे, आणि सावकाराच्या हाती एकतर्फी हुकूमनामा पडे.

शेतकरी का येत नसत, याची कारणे आजच्या वाचकाला अनोळखी वाटणार नाहीत. समन्स पोहोचलेच नाही, पोहोचले तर वाचता आले नाही, कोर्ट लांब होते, तिथे जायचे तर कामाचे दिवस बुडत होते, आणि कागदावर आपला अंगठा आहे म्हटल्यावर बोलून काय होणार अशी समजूत होती. यावर १८७९ साली डेक्कन शेतकरी कर्जनिवारण कायदा आला आणि सुरुवातीला तो पुणे, सातारा, सोलापूर व अहमदनगर या चार जिल्ह्यांना लागू झाला. त्यात शेतकऱ्याविरुद्धच्या दाव्यात प्रतिवादीला साक्षीदार म्हणून तपासण्याचे बंधन न्यायालयावर घातले गेले. ते टाळायचे तर कारण लेखी नोंदवावे लागे. वादाचा प्रश्न आला की रोख्यावरच्या आकड्याच्या मागे जाऊन पहिल्या उचलीपासून व्यवहाराचा इतिहास पाहणे आणि मुद्दल व व्याज यांचा वेगळा हिशेब मांडणे हेही न्यायाधीशाचे काम झाले. महादेव गोविंद रानडे यांनी याच कायद्याखाली विशेष न्यायाधीश म्हणून काम केले. त्या कायद्याच्या मुळाशी असलेला विचार आजही खरा आहे: देणे खरे आहे की नाही हे ठरवायचे असेल तर देणेकऱ्याचा आवाज न्यायालयात यायला हवा, आणि तो आला नाही तर का आला नाही हे न्यायालयाने विचारायला हवे.

आज लागू असलेली १९०८ ची संहिता हा प्रश्न आदेश ९ मध्ये हाताळते. त्यातला नियम १३ एकतर्फी हुकूमनामा रद्द करण्यासाठी दोन स्वतंत्र कारणे देतो. एक, समन्सची रीतसर बजावणी झाली नव्हती. दोन, बजावणी झाली असली तरी पुरेशा कारणामुळे प्रतिवादी सुनावणीच्या वेळी हजर राहू शकला नाही. दोन्हींतले एक सिद्ध झाले की न्यायालयाने हुकूमनामा रद्द करायचा असतो, आणि खर्च, रक्कम जमा करणे वगैरे बाबतींत योग्य वाटतील त्या अटी ते घालू शकते. नियम १४ प्रमाणे हे सगळे वादीला नोटीस दिल्यावरच होते. हुकूमनामा रद्द झाला म्हणून कर्ज माफ होत नाही. दावा होता त्या टप्प्यावर परत येतो, प्रतिवादी कैफियत देतो आणि वादीला आपले म्हणणे शाबीत करावे लागते. ज्याचे येणे खरे आहे त्याने गमावलेला असतो तो वेळ.

ही दोन कारणे एकाच नियमात बसली असली तरी त्यांचे स्वरूप मुळातून वेगळे आहे, आणि व्यवहारात हा फरक पुसला जातो. समन्स पोहोचलेच नसेल तर प्रतिवादीकडून काहीच चुकलेले नाही. त्याने कारण देण्याचा प्रश्नच येत नाही, त्याला हुकूमनामा रद्द करून मागण्याचा हक्क आहे. समन्स पोहोचूनही तो आला नसेल तर मात्र त्याला स्वतःच्या वागण्याचा जाब द्यावा लागतो, आणि तिथे न्यायालयाच्या विवेकाला खरी जागा मिळते. असे असताना समन्स न मिळालेल्या माणसाच्या अर्जावरही 'इतके दिवस कुठे होता', 'पैसे भरायची तयारी आहे का' अशी विचारणा होते, तेव्हा चूक न केलेल्याला चूक केलेल्याच्या रांगेत उभे केले जाते.

बजावणीचा प्रश्न जवळून पाहायचा तर बेलिफाचा अहवाल वाचावा. आदेश ५ प्रमाणे समन्स शक्यतो प्रतिवादीच्या हाती द्यायचे असते. तो घरी नसेल आणि वाजवी वेळेत सापडण्याची शक्यता नसेल, तर त्याच्याबरोबर राहणाऱ्या कुटुंबातल्या सज्ञान व्यक्तीकडे, स्त्री असो वा पुरुष, ते देता येते. घरचा नोकर मात्र कुटुंबीय मानला जात नाही. प्रतिवादी घ्यायला नकार देत असेल, किंवा योग्य तो प्रयत्न करूनही सापडत नसेल, तर समन्सची प्रत घराच्या बाहेरच्या दारावर किंवा ठळक जागी चिकटवता येते. मात्र मग अहवालात ते का चिकटवले, घर कोणी ओळखून दिले आणि कोणासमक्ष चिकटवले हे नावपत्त्यासह लिहावे लागते. त्या अहवालाच्या पुष्ट्यर्थ बेलिफाचे शपथपत्र नसेल तर त्याला शपथेवर तपासून बजावणी रीतसर झाली की नाही हे न्यायालयाने ठरवायचे असते. कायदा इतका बारकाईने लिहिला आहे, कारण या एका पानावर पुढचे सगळे उभे राहते. म्हणून 'दार बंद होते, शेजारी विचारले, बाहेरगावी असे सांगितले, सबब दारावर चिकटवले' एवढ्या ओळीवर, त्याही शेजाऱ्याच्या नावाशिवाय, बजावणी मान्य करणे म्हणजे ही सगळी काळजी वाया घालवणे आहे.

बंद दाराचा अर्थ महाराष्ट्रात तरी फार जपून काढायला हवा. बीड जिल्ह्यातली ऊसतोड कामगारांची कुटुंबे दिवाळीच्या सुमारास घराला कुलूप लावून पश्चिम महाराष्ट्रात किंवा कर्नाटकात कारखान्यांवर जातात आणि हंगाम संपल्यावर उन्हाळ्याच्या तोंडावर परततात. साताऱ्या-रत्नागिरीच्या गावात घर आणि मुंबई-ठाण्यात नोकरी अशी लाखो माणसे आहेत. कर्जाच्या कागदावर पत्ता गावचा असतो, कारण आधारकार्डावर तोच असतो. जानेवारीत अशा घराच्या दारावर चिकटवलेले समन्स एप्रिलपर्यंत वाऱ्यापावसाने टिकत नाही. पोस्टाने पाठवलेल्या समन्सचीही गोष्ट तशीच. योग्य पत्त्यावर नोंदणीकृत टपालाने पाठवलेल्या समन्सची पोच हरवली किंवा ३० दिवसांत आली नाही, तरी बजावणी झाली असे न्यायालय जाहीर करू शकते. असे गृहीत धरल्याशिवाय न्यायालयांचे काम चालणार नाही हे खरे आहे. पण हे गृहीत आहे, आणि उलट पुरावा आला की ते सोडायची तयारी हवी. समजा अशा कामगाराने त्या महिन्यांतली कारखान्यावरची हजेरी आणि मुकादमाचे शपथपत्र दाखल केले, तर दारावरच्या प्रतीपेक्षा त्या पुराव्याचे वजन जास्त आहे.

मुदतीच्या कायद्यानेही हीच जाण दाखवली आहे. १९६३ च्या कायद्यातल्या अनुच्छेद १२३ प्रमाणे हुकूमनामा रद्द करण्याचा अर्ज ३० दिवसांत करावा लागतो. समन्स रीतसर बजावले असेल तर हे दिवस हुकूमनाम्याच्या तारखेपासून मोजायचे, आणि बजावले नसेल तर प्रतिवादीला हुकूमनामा कळला त्या तारखेपासून. त्याच अनुच्छेदाच्या स्पष्टीकरणात म्हटले आहे की आदेश ५ नियम २० खालची पर्यायी बजावणी, म्हणजे वर्तमानपत्रातली जाहिरात किंवा कोर्टाच्या फलकावर व घरावर प्रत लावणे, या मुदतीपुरती रीतसर बजावणी समजायची नाही. दावा पुढे नेण्यासाठी जी बजावणी पुरेशी धरली जाते, तीच प्रतिवादीची दाद मागण्याची मुदत संपवण्यासाठी पुरेशी धरली जात नाही. कोपऱ्यातली जाहिरात माणूस वाचेलच असे नाही, हे कायदेमंडळाने इथे प्रामाणिकपणे कबूल केले आहे. जप्तीची नोटीस आल्यावर प्रथमच हुकूमनाम्याबद्दल कळलेल्या माणसासाठी ही ओळ सर्वांत मोलाची आहे.

याच्या दुसऱ्या बाजूलाही एक कुंपण आहे, आणि ते असायलाच हवे. १९७६ च्या दुरुस्तीने नियम १३ ला असे परंतुक जोडले की बजावणीत केवळ काही अनियमितता होती म्हणून हुकूमनामा रद्द करू नये, जर प्रतिवादीला सुनावणीची तारीख माहीत होती आणि हजर राहायला पुरेसा वेळ होता. पंचाचे नाव लिहायचे राहिले एवढ्या आधारावर तारीख नीट ठाऊक असलेल्या माणसाने सुटू नये, हा त्यामागचा हेतू. मात्र 'दाव्याची कल्पना होती' आणि 'तारखेची माहिती होती' या दोन गोष्टी एक नाहीत. सुशीलकुमार सभरवाल विरुद्ध गुरप्रीतसिंग या २००२ च्या निकालात सर्वोच्च न्यायालयाने हा फरक अधोरेखित केला आणि तारखेची माहिती हाच निकष धरला. गावात कोणीतरी 'तुझ्यावर केस झाली आहे' म्हटले, तेवढ्याने कोणत्या कोर्टात, कोणत्या दिवशी हे कळत नाही.

दुसरे कारण पुरेशा कारणाचे. आजारपण, अपघात, घरातला मृत्यू, तारखेची चुकीची नोंद, वकिलाची गैरहजेरी अशी कारणे इथे येतात. कोणत्या दिवसाचे कारण पाहायचे, याचे उत्तर जी. पी. श्रीवास्तव विरुद्ध आर. के. रायजादा (२०००) या निकालाने दिले: ज्या तारखेच्या गैरहजेरीवरून दावा एकतर्फी झाला त्या तारखेचे. त्याआधी कधी हयगय झाली होती ते उगाळून त्या दिवसाचे खरे कारण नाकारायचे नाही. अर्जाला उशीर झाला असेल तर विलंब माफीचा वेगळा अर्ज द्यावा लागतो. तिथे एन. बालकृष्णन विरुद्ध एम. कृष्णमूर्ती (१९९८) हा निकाल महत्त्वाचा आहे. एकतर्फी हुकूमनामा रद्द करण्याच्या अर्जाला त्या प्रकरणात ८८३ दिवसांचा उशीर झाला होता, तरी सर्वोच्च न्यायालयाने तो माफ केला आणि सांगितले की दिवस किती यापेक्षा खुलासा पटणारा आहे का हे पाहावे. वकिलाच्या चुकीची शिक्षा पक्षकाराला नको, हे १९८१ च्या रफिक विरुद्ध मुन्शीलाल या निकालाने म्हटले. १९९३ च्या सलील दत्त प्रकरणात न्यायालयाने बजावले की हा सरसकट नियम नाही, शहाण्यासुरत्या पक्षकाराने वकिलाकडे बोट दाखवून मोकळे होऊ नये. आणि समन्स घेण्यास नकार देणाऱ्याला पुरेसे कारण मिळत नाही, हे २०११ च्या परिमल विरुद्ध वीणा या वैवाहिक प्रकरणात दिसले. म्हणजे न्यायालयांनी उदारपणाला मर्यादा आखलेली आहे, आणि ती माणसाच्या वागणुकीवरून आखलेली आहे.

आता आक्षेपांकडे वळू. सर्वांत वजनदार आक्षेप धनकोचा आहे. कर्ज देणारा नेहमी बलाढ्य असतो असे नाही. माल उधारीवर दिलेला छोटा पुरवठादार, ठेवीदारांच्या पैशांवर चालणारी गावची पतसंस्था, मुलीच्या लग्नासाठी जपलेली रक्कम मित्राला हातउसनी दिलेला निवृत्त शिक्षक, हेही वादीच असतात. तारखांमागून तारखा घालवून, वर्षभर कोर्टात न फिरकता, दरखास्तीची नोटीस निघताच 'समन्स मिळाले नाही' म्हणून धावत येणारा कर्जदार त्यांना चांगला ठाऊक असतो. हा आक्षेप खरा आहे आणि त्याचे उत्तर नियमातच आहे. अशा माणसाला दार उघडायचे तर त्याची किंमत वसूल करावी: वादीला प्रत्यक्ष सोसावा लागलेला खर्च ठरावीक दिवसांत भरणे, कैफियत त्याच तारखेला दाखल करणे, कबूल असलेली रक्कम ताबडतोब जमा करणे, तहकुबी न मागणे. अट मोडली तर हुकूमनामा कायम होईल, हे आदेशातच लिहावे. नाममात्र खर्चावर हुकूमनामा रद्द करून पुढे दोन वर्षे काहीच न करणे, यात वादीचा तोटा आहे आणि उदारपणाची बदनामीही आहे.

पण अट चुकीच्या प्रमाणात असू नये. प्रमाण दाव्याच्या रकमेवरून ठरायला नको, प्रतिवादीच्या दोषावरून ठरायला हवे. या कसोटीवर १८८७ च्या प्रांतिक लघुवाद न्यायालय कायद्याचे कलम १७ तपासावे. त्या कायद्याखालच्या न्यायालयाने दिलेला एकतर्फी हुकूमनामा रद्द करून हवा असेल तर अर्जाबरोबरच हुकूमनाम्याची पूर्ण रक्कम जमा करावी लागते किंवा न्यायालय सांगेल ती हमी द्यावी लागते, आणि ही अट बंधनकारक असल्याचे सर्वोच्च न्यायालयाने केदारनाथ विरुद्ध मोहनलाल केसरवानी (२००२) मध्ये म्हटले आहे. समन्स कधी मिळालेच नाही, त्यालाही ही अट लागते. जो म्हणतो की हे पैसे मी देणेच लागत नाही, त्याने आपले म्हणणे ऐकवण्यासाठी आधी ते सगळे पैसे उभे करायचे. ज्याच्याकडे पैसे आहेत त्याला सुनावणी मिळते, ज्याच्याकडे नाहीत त्याला मिळत नाही. लहान रकमांचे वाद झटपट मिटावेत हा हेतू चांगला आहे, पण लहान रकमांचे वादच गरिबांचे असतात. बजावणी न झाल्याचे सकृद्दर्शनी दिसत असेल तिथे ही अट काढून टाकण्याची दुरुस्ती कायदेमंडळाने करावी, असे म्हणण्याला भरपूर आधार आहे.

दुसरा आक्षेप असा: बचावात दमच नसेल तर दावा पुन्हा उघडून काय साधणार? इंग्लंडच्या नियमांत, रीतसर दिलेला गैरहजेरीचा निकाल रद्द करून हवा असेल तर बचाव यशस्वी होण्याची खरीखुरी शक्यता, किंवा तसेच दुसरे सबळ कारण, दाखवावे लागते. आपल्याकडे आदेश ३७ च्या संक्षिप्त दाव्यांत हेच तत्त्व आहे. वचनचिठ्ठी, धनादेश किंवा लेखी करारावरच्या या दाव्यांत प्रतिवादीला समन्स मिळाल्यापासून १० दिवसांत हजेरी नोंदवावी लागते, आणि हुकूमनामा झाल्यावर तो रद्द करायचा तर 'विशेष परिस्थिती' दाखवावी लागते. रजनीकुमार विरुद्ध सुरेशकुमार मल्होत्रा (२००३) या निकालाने स्पष्ट केले की गैरहजेरीचे कारण एवढेच पुरेसे नाही, बचावाची परवानगी मिळावी असे मुद्दे आहेत हेही दाखवायला हवे. समन्स मिळूनही न आलेल्यांच्या बाबतीत ही अपेक्षा गैर नाही. सामान्य दाव्यातही बचावाचे स्वरूप अर्जात थोडक्यात मांडले तर अटी ठरवताना न्यायालयाला त्याचा उपयोग होतो. समन्स न मिळालेल्याला मात्र आधी बचाव सिद्ध करायला सांगणे उलटे आहे. इंग्लंडमध्येही निकाल मुळातच नियमबाह्य असेल तर तो रद्द करणे न्यायालयावर बंधनकारक असते, बचाव पाहिला जात नाही. १९३७ साली इव्हान्स विरुद्ध बार्टलम या, सट्ट्याच्या देण्यावरून निघालेल्या प्रकरणात लॉर्ड ॲटकिन यांनी मांडलेला विचार असा होता की गुणदोषांवर किंवा संमतीने निकाल झालेला नसेल, तोवर केवळ नियम न पाळल्याने मिळालेला आदेश मागे घेण्याची शक्ती न्यायालयाकडे असायलाच हवी.

तिसरा आक्षेप पतव्यवहाराचा आहे. वसुली अवघड झाली की कर्ज महाग होते किंवा मिळेनासे होते. १८७९ च्या कायद्यावर हीच टीका झाली होती. गहाणखताऐवजी सावकार सरळ खरेदीखत लिहून घेऊ लागले, आणि खरेदीखतामागचा व्यवहार खरोखर गहाणाचा आहे का हे तपासण्याची मुभा पुढे कायद्यात घालावी लागली. ही टीका पोकळ नव्हती. पण त्या कायद्याने व्याज, हिशेब, हप्ते अशा कराराच्या गाभ्यालाच हात घातला होता. हुकूमनामा रद्द करण्याच्या तरतुदीने करारातला एकही शब्द बदलत नाही, आणि नीट समन्स बजावणाऱ्या धनकोचे त्यात काहीही बिघडत नाही. उलट दार घट्ट लावून ठेवले की न बजावलेले समन्स फायद्याचे ठरते. अमेरिकेत हे घडलेले आहे. प्यू या संशोधन संस्थेच्या २०२० च्या अहवालानुसार जिथली माहिती उपलब्ध होती तिथे कर्जवसुलीचे ७० टक्क्यांहून अधिक दावे प्रतिवादीच्या गैरहजेरीत निकाली निघाले होते. न्यूयॉर्कमध्ये समन्स न बजावताच बजावल्याची खोटी शपथपत्रे दिल्याच्या आरोपावरून कर्जदारांनी एकत्रितपणे केलेला एक दावा ५ कोटी ९० लाख डॉलरच्या तडजोडीने मिटला. एकतर्फी निकाल हाच वसुलीचा धंदा झाला की प्रामाणिक धनकोच्या खऱ्या हुकूमनाम्यावरचाही विश्वास उडतो.

रद्द करण्याचे अर्ज कमी व्हावेत असे वाटत असेल तर उपाय हुकूमनाम्याच्या आधीच्या टप्प्यावर आहे. प्रतिवादी नाही म्हणून वादपत्रावर डोळे मिटून सही करायची नसते, हे बलराज तनेजा विरुद्ध सुनील मदान (१९९९) मध्ये सर्वोच्च न्यायालयाने सांगितले आहे. मुदत संपलेला दावा, प्रतिवादीने तो मुद्दा काढला नाही तरी, न्यायालयाने स्वतःहून फेटाळायचा असतो. महाराष्ट्राच्या सावकारी नियमन कायद्याप्रमाणे कर्ज देताना सावकाराकडे वैध परवाना होता अशी खात्री झाल्याशिवाय त्याच्या बाजूने हुकूमनामा करता येत नाही. कर्जाची तारीख, शेवटचा हप्ता, व्याजाचा दर, परवाना आणि बेलिफाचा अहवाल, एवढे पाच प्रश्न एकतर्फी दाव्यातही विचारले गेले तर चुकीचे कितीतरी हुकूमनामे जन्मालाच येणार नाहीत. सावकारी कर्जाच्या बाबतीत व्यवहाराच्या मुळाशी जाण्याचा जो धडा १८७९ ने दिला, तो पाळायला नव्या कायद्याची गरज नाही.

ज्याच्यावर हा प्रसंग आला आहे त्याच्यासाठी क्रम असा आहे. हुकूमनाम्याबद्दल कळताच ती तारीख लिहून ठेवावी, कारण ३० दिवस मोजण्याचा प्रश्न तिच्याशी जोडलेला असतो. वकिलामार्फत रोजनामा, समन्स, बेलिफाचा अहवाल आणि हुकूमनामा यांच्या नकला लगेच मागाव्यात. अर्ज ज्या न्यायालयाने हुकूमनामा केला तिथेच द्यायचा असतो. त्यासोबत शपथपत्र, पुरावा आणि उशीर असेल तर विलंब माफीचा अर्ज जोडावा. नुसता अर्ज दिल्याने जप्ती थांबत नाही, म्हणून दरखास्तीला स्थगिती वेगळी मागावी. हुकूमनाम्याविरुद्ध अपीलही करता येते, पण अपील मागे घेण्याखेरीज अन्य कारणाने निकाली निघाले तर नियम १३ चा रस्ता बंद होतो. अर्ज फेटाळला गेल्यास त्या आदेशावर अपील आहे. दरम्यान वसुली झालेली असेल आणि हुकूमनामा रद्द झाला, तर कलम १४४ च्या आधारे ती परत मागता येते. आणि हुकूमनामा अजून झालाच नसेल तर परिस्थिती बरीच सोपी आहे. संग्रामसिंग विरुद्ध निवडणूक न्यायाधिकरण, कोटा या १९५५ च्या निकालात न्यायमूर्ती विव्हियन बोस यांनी स्पष्ट केले की एका तारखेला गैरहजर राहिलेला पक्षकार पुढच्या टप्प्यापासून कामकाजात भाग घेऊ शकतो, कारण प्रक्रियेचे नियम न्याय सुकर करण्यासाठी आहेत, शिक्षा करण्यासाठी नाहीत.

निकालाला कधीतरी शेवट हवा, हे सगळ्यांना मान्य आहे. पण शेवटाला जे महत्त्व मिळते ते त्याआधी दोघांना बोलायची संधी मिळाली म्हणून मिळते. संधी देऊनही जो आला नाही त्याला अंतिमतेचा नियम पूर्ण लागावा, आणि दार उघडायचेच तर त्याच्याकडून धनकोच्या नुकसानीची भरपाई घ्यावी. ज्याला संधीच मिळाली नाही त्याच्या बाबतीत निकाल अजून झालेलाच नाही, असे समजून न्यायालयाने विनाअट दावा पुन्हा चालवावा. खरे येणे असलेल्या धनकोला या सुनावणीत हरण्याची भीती नसते. तिच्यानंतर मिळणारा हुकूमनामा सहजासहजी हलवता येत नाही, आणि त्यालाही हवा असतो तो तसाच हुकूमनामा.